खुडलेले शेंडे

राजाराम सरांनी चाळीसगावच्या कॉलेजात चौतीस वर्षं वनस्पतिशास्त्र शिकवलं आणि तेवढ्या काळात कॅनडा बाल्समच्या किती बाटल्या संपवल्या याची गणती नाही. मधासारखी पिवळसर, चिकट राळ. काचपट्टीवर देठाचा पातळ काप ठेवायचा, त्यावर बाल्समचा एक थेंब, वर नाजूक काच. वाळली की ती राळ काचेसारखीच स्वच्छ दिसते आणि आतला काप शंभर वर्षं टिकतो. हे सर इतकी वर्षं सांगत आले होते की पुढच्या बाकावरची पोरं त्यांच्या सुरात सूर मिसळून म्हणायची. एकदा मात्र एका आगाऊ मुलीने विचारलं, "सर, ज्या झाडातून हे येतं ते तुम्ही पाहिलंय का?" सरांनी घसा खाकरून विषय बदलला. पण ते बोलणं त्यांच्या मनाला लागलं ते लागलंच.

त्यामुळे निवृत्तीनंतर दोन हजार सहाच्या हिवाळ्याआधी ते मुलाकडे जर्सी सिटीला आले, तेव्हा त्यांनी एकच हट्ट धरला. पुतळा नको, धबधबा नको. ती राळ ज्याच्यातून येते ते झाड, बाल्सम फर, दाखव, आणि तेही बागेतलं नाही, रानातलं.

यतीन एकुलता एक. बँकेच्या कॉम्प्युटरवर दहा-दहा तास बसणारा, ग्रीन कार्डाच्या रांगेत सहा वर्षं उभा असलेला, आणि त्या रांगेपायी स्वभावाने पार ससा झालेला. रस्ता रिकामा असला तरी सिग्नल हिरवा झाल्याशिवाय हा पाऊल उचलत नसे. त्याच्या ऑफिसातल्या राजीवने त्याला एक किस्सा सांगून ठेवला होता: कोणीतरी दुसऱ्याच्या खाजगी जागेत शिरला, पोलिसांत नोंद झाली आणि फाइल जी अडकली ती अडकलीच. खरं-खोटं देव जाणे. पण यतीनने ते मनावर कोरून घेतलं होतं.

तरी बापाच्या हट्टापुढे त्याचं काही चाललं नाही. शुक्रवारी रजा टाकून दोघे दहा तास गाडी हाकत मेन राज्याच्या पूर्व टोकाला गेले, एका मोटेलात झोपले, आणि शनिवारी सकाळी लाकूडतोडीच्या एका कच्च्या रस्त्याच्या कडेला गाडी लावून रानात शिरले. सरांच्या खांद्याला शबनम, तिच्यात सुनेने, नेत्राने, दिलेला पराठ्यांचा डबा आणि होमिओपॅथीच्या गोळ्यांची एक रिकामी बाटली. कॉलेजच्या प्रयोगशाळेसाठी त्यांना चार थेंब राळ स्वतःच्या हाताने काढून न्यायची होती.

"बाबा, एक गोष्ट ऐका," यतीन म्हणाला. "इथे काही तोडायचं नाही. पानसुद्धा नाही. प्रॉपर्टी कोणाची आहे आपल्याला माहीत नाही."

"अरे, मी काय बकरी आहे?" सर म्हणाले.

रस्त्याकडेची झाडं स्प्रूसची निघाली, फरसारख्याच दिसणाऱ्या दुसऱ्या सूचिपर्णी जातीची. सरांनी सुईसारखं एक पान चिमटीत धरून फिरवलं. ती सुई चौकोनी, बोटांत गोल फिरली. "हे नव्हे," सर म्हणाले. फरची सुई चपटी असते, फिरत नाही. मग पुढे, थोडी दलदल लागली तिथे, बाल्सम फर सापडलं. सरांनी फांदी उलटी केली. प्रत्येक सुईच्या पोटाशी दोन पांढऱ्या रेघा. खोडाची साल राखाडी, गुळगुळीत, आणि तिच्यावर वाटाण्याएवढे फोड. सरांनी एका फोडावर अंगठ्याचं नख दाबलं तशी आतून राळ उसळली आणि तो वास, जो चौतीस वर्षं त्यांनी फक्त बाटलीचं बूच उघडताना घेतला होता, सगळ्या अंगभर पसरला. सर चक्क हसत सुटले. साठी उलटलेला माणूस, डोळ्यांत पाणी घेऊन फोड फोडत आणि बाटली भरत या झाडाकडून त्या झाडाकडे निघाला.

"हे बघ," त्यांनी अंगठ्याएवढ्या जाडीच्या, कमरेइतक्या उंच रोपाला हात लावला. "याला तू पाच वर्षांचं म्हणशील. पंचवीस-तीसचं असेल. मोठ्या झाडांच्या सावलीत ही अशीच थांबून राहतात, मरत नाहीत, वाढत नाहीत. वरचं एखादं पडलं, ऊन आलं, की सरसर वर."

"म्हणजे आमच्यासारखी," यतीन म्हणाला. बऱ्याच दिवसांनी तो मोकळेपणाने हसला.

बघता बघता दुपार झाली. लांबवर दोनदा बंदुकीचा बार ऐकू आला. हरणांच्या शिकारीचे दिवस होते. मग एका खोडावर पिवळी पाटी दिसली: आत येण्यास मनाई. यतीन जागीच थबकला. "बाबा, परत फिरूया."

"पाचच मिनिटं," सर म्हणाले.

पाटीपलीकडे वादळाने झाडं आडवी केली होती, एकावर एक, काडेपेटीतल्या काड्या सांडाव्यात तशी. बाल्सम फरची मुळं वरवरची असतात. जोराचा वारा आला की झाड मुळांच्या अख्ख्या थाळीसकट उलटतं. आणि पडलेल्या एका झाडाच्या शेंड्यावर सरांना हवी असलेली आणखी एक वस्तू दिसली: शंकूचा उभा दांडा. या झाडाचे शंकू फांदीवर उभे असतात आणि झाडावरच सुटे होऊन गळून जातात, मागे नुसता दांडा मेणबत्तीसारखा उरतो. जमिनीवर हे कधी सापडायचं नाही.

"यतीन, तेवढं जवळून दाखव ना रे मला," सर म्हणाले.

पुढे कितीतरी दिवस हे एवढंच वाक्य त्यांच्या कानांत वाजत राहणार होतं.

यतीन खोडावर चढला. ओल्या खोडाची साल त्याच्या बुटाखाली सोललेल्या केळ्यासारखी सटकली, आणि तो दोन खोडांच्या मधल्या फटीत उभाच्या उभा खाली गेला. केवढ्याने तरी आवाज झाला. सर धडपडत त्याच्यापाशी पोचतात न पोचतात तोच झाडीतून बाईचा आवाज आला.

"हॅलो? कोणी आहे का तिकडे?"

सर ओरडणार होते. तोंड उघडलंसुद्धा होतं. यतीनने खालून त्यांची कॉलर धरून त्यांना खाली ओढलं आणि त्यांच्या तोंडावर हात ठेवला. "गप्प बसा बाबा! आपण पाटीच्या आत आहोत. बंदूक असेल. मला काही नाही झालेलं, नुसता पाय मुरगळलाय."

"हॅलो?" पुन्हा आवाज आला. मग पावलं लांब गेली.

पावलं पुरती विरल्यावर यतीन उठायला गेला आणि किंचाळला. सरांनी त्याची पँट वर केली. गुडघ्याखाली पाय जिथे वळू नये तिथे वळला होता, आणि पोटरीत मोडक्या फांदीचा खुंट घुसून चांगली बोटभर लांब जखम उघडली होती. रक्त थांबायचं नाव घेत नव्हतं. सरांनी "अहो बाई! हेल्प! हेल्प!" म्हणून घसा फाटेपर्यंत हाका मारल्या. आता कोण ऐकतंय? मोबाइलवर रेंजची एक काडी दिसत नव्हती. आणि आकाशातून बर्फमिश्रित पाऊस सुरू झाला, सुयांसारखा, कानात शिरणारा.

शिक्षकाचा एक गुण असा की कितीही घाबरलेला असला तरी त्याला धडा सुरू करता येतो. त्यांनी बाटलीतली राळ जखमेवर ओतली. पुरली नाही, म्हणून आजूबाजूच्या खोडांवरचे फोड दातांनी, नखांनी फोडून बोटांनी राळ आणली आणि जखमेत भरली. या रानात पूर्वी राहणारे लोक असंच करत, हे त्यांनी कुठेतरी वाचलं होतं आणि कधीच कोणाला शिकवलं नव्हतं, कारण ते परीक्षेला नसायचं. यतीन ओठ चावत राहिला. हळूहळू रक्त दाटलं, राळेत अडकलं, थांबलं. मग खालच्या वाळक्या फांद्या पायाच्या दोन्ही बाजूंना लावून मफलरने घट्ट बांधल्या.

"बाबा, तुम्ही जा," यतीन म्हणाला. त्याचे ओठ निळे पडत चालले होते. "रोडवर कोणीतरी भेटेल. मला घेऊन तुम्हाला जमणार नाही."

"तुला टाकून?"

"अंधार पडायच्या आत जा, प्लीज."

सरांनी मग सगळी बंधनं गुंडाळून ठेवली आणि फांद्या तोडायला घेतल्या. हातभर जाडीचा थर जमिनीवर, त्यावर मुलाला सरकवलं, वर आणखी दाट थर. स्वतःचा कोट काढू लागले तर यतीनने मनगट धरलं. "तुम्हीसुद्धा मेलात तर मला कोण काढणार?" हा प्रश्न इतका सरळ होता की सरांनी कोट पुन्हा घातला.

घड्याळात सव्वादोन वाजले होते. सर निघाले.

खूण ठेवायला हवी हे त्यांना सुचलं, आणि ठेवलीही. दर दहा पावलांवर उजव्या हाताला, छातीच्या उंचीवर, फरच्या एका फांदीचा शेंडा खुडायचा. प्रत्येक खुडलेला शेंडा त्यांनी शबनममध्ये टाकला. चौतीस वर्षं सहलींत पोरांना हेच शिकवलं होतं की तोडलेलं रानात फेकायचं नाही, पिशवीत घालायचं. शिवाय मनात यतीनची भीती होतीच: कोणी पाहिलं, कोणी विचारलं तर? फाइलीला धक्का लागेल असं खाली पडलेलं काही दिसायला नको. मुलाचा जीव टांगणीला लागलेला आणि बाप त्याच्या ग्रीन कार्डाला जपत, शेंडे खुडत, लपवत चालला होता. त्या क्षणी त्यांना हे शहाणपणाचंच वाटलं.

वारा डाव्या गालावर ठेवत ते चालत राहिले. दोनदा पडले. सव्वातीनच्या सुमाराला रस्ता लागला, पण त्यांची गाडी तिथे नव्हती. ते भलतीकडे बाहेर पडले होते. उजेड झपाट्याने उतरत होता. आणि मग वळणावरून एक जुना ट्रक आला. मागे हिरव्या फांद्यांचा डोंगर रचलेला. सर रस्त्याच्या मधोमध उभे राहिले, दोन्ही हात जोडून. इंग्रजी सगळं विसरायला झालं होतं.

ट्रकमध्ये नारिंगी जॅकेट घातलेली, सरांच्याच वयाची एक बाई आणि तिचा नवरा होता. सरांनी तुटक शब्दांत सांगितलं: मुलगा, पाय, रक्त, दुपारपासून. नवरा ताबडतोब गावाकडे फोन करायला निघाला. बाई दोन मोठे टॉर्च घेऊन खाली उतरली. "चला, वाट दाखवा," ती म्हणाली.

"मी खुणा केल्या आहेत," सर घाईने म्हणाले. "शेंडे मोडलेत. दर दहा पावलांवर."

बाई थांबली. तिने टॉर्चचा झोत कडेच्या झाडावर टाकला. फांदीचा शेंडा मोडलेला. शेजारच्या झाडावर टाकला. मोडलेला. पलीकडच्या झाडावर, त्याच्यापलीकडच्या झाडावर, जिकडे उजेड पडेल तिकडे मोडलेले शेंडे.

"आम्ही आठवडाभर हेच करतोय," ती हळू म्हणाली. "ख्रिसमसच्या माळांसाठी. दार सजवायची गोल माळ असते ना, ती या शेंड्यांची करतात. तीन-चार कडक थंडीच्या रात्री गेल्या की सुया गळत नाहीत, तेव्हा खुडतो. हे सगळं रान आम्ही खुडलंय. आज दुपारीसुद्धा." तिने विचारलं, "मोडलेले शेंडे खाली टाकलेत ना? आमची माणसं एक शेंडा खाली सोडत नाहीत. जमिनीवर पडलेले दिसले तर ते तुमचेच."

सरांनी शबनमकडे पाहिलं. एकही शेंडा त्यांनी खाली सोडला नव्हता. स्वतःच्या हाताने, मोठ्या काळजीने, त्यांनी मुलापर्यंतची वाट पुसून टाकली होती.

ते रस्त्यावरच बसले आणि मोठ्याने रडू लागले. मराठीत काय काय बोलत होते ते त्यांचं त्यांनाच कळत नव्हतं. बाईने त्यांचा दंड धरला. "आज दुपारी मी आत हाका मारल्या होत्या," ती म्हणाली. "काहीतरी मोडल्याचा आवाज आला म्हणून. तुम्ही होतात?"

"होतो," सर म्हणाले.

"ऐकू आलं नाही?"

"ऐकू आलं. आम्ही गप्प बसलो."

बाईने शबनम त्यांच्या खांद्यावरून काढली आणि दगडावर उपडी केली. एक शेंडा उचलून टॉर्चसमोर धरला. "इतके लहान? हे कोण घेणार? आम्ही कोपरापासून मनगटापर्यंत लांब मोडतो."

सरांनी डोळे पुसले. तिच्या हातातला शेंडा त्यांनी घेतला, वळवून पाहिला, आणि त्याची मोडलेली बाजू झोतात धरली. फांदीवर प्रत्येक वर्षाची वाढ संपते तिथे एक बारीक कडं असतं. सवयीने, न ठरवता, त्यांनी प्रत्येक शेंडा नेमका त्या कड्यावर मोडला होता. फक्त या वर्षीची वाढ, चार बोटं. झाडाला कमीत कमी इजा व्हावी म्हणून बोटांनी आपणहून केलेलं काम.

"तुम्ही तीन-चार वर्षांची फांदी तोडता," ते म्हणाले. आता इंग्रजी कुठूनतरी नीट आलं. "मी एकाच वर्षाची. लांब फांदी, फक्त टोक नाही, ती माझी."

दोघे आत शिरले. बाई झोत धरायची, सर फांद्या हातात घेऊन बोटांनी चाचपायचे. ही आखूड, तिची. ही आखूड. ही लांब, टोक तेवढं नाही, कड्यावर तुटलेलं: माझी! मग दहा पावलं पुढे. बर्फ फांद्यांवर साचू लागला होता, प्रत्येक फांदी आधी झटकावी लागे. सरांची बोटं राळेने एकमेकांना चिकटली होती आणि थंडीने बधिर झाली होती, म्हणून ते टोक ओठांना लावून कडं जोखू लागले. एकदा वाट चुकली, वीस मिनिटं मागे यावं लागलं. दर सापडलेल्या फांदीबरोबर ते "आलो रे" म्हणायचे, आणि दर न सापडलेल्या फांदीपाशी देवाला आणि स्वतःला शिव्या घालायचे.

मग स्प्रूसचा पट्टा लागला आणि खुणा संपल्या. येताना या पट्ट्यात त्यांनी काहीच मोडलं नव्हतं. का? कारण ते फर नव्हतं. एवढा मोठा वनस्पतिशास्त्रज्ञ, घाबरलेल्या डोक्याने त्याने फक्त आपल्या आवडत्या झाडाचीच खूण केली होती! सरांनी कपाळावर हात मारून घेतला. "यतीन! यतीन!" त्यांची हाक दाट झाडीत दहा हातांवर विझायची. बाईसुद्धा "हॅलो! हॅलो!" ओरडत होती. उत्तर नाही. नेत्राला काय सांगायचं, हा विचार त्यांच्या मनात एकदा येऊन गेला आणि त्यांनी तो बाहेर ढकलला.

बाईने घाई केली नाही. ती सरांना एका झाडापाशी उभं करून, त्यांचा आवाज कानात ठेवून, अर्धगोलात फिरू लागली. पट्ट्याच्या पलीकडच्या काठावरून तिची हाक आली. तिथे एक लांब फांदी होती, टोक नसलेली. सर तिच्याकडे धावले, पडले, उठले. त्यानंतर पाच खुणा ओळीने सापडल्या, मग मुळांची उलटलेली थाळी, मग आडवी खोडं, आणि त्यांच्यामध्ये पांढरा झालेला फांद्यांचा ढीग. ढीग हलत नव्हता.

"यतीन," सर म्हणाले. आता त्यांना ओरडवेना.

काही नाही.

खोडं ओलांडायची होती आणि सरांना ती ओलांडता येईनात. खरं म्हणजे ओलांडायची हिंमत होईना. बाईच पुढे गेली. गुडघ्यांवर बसून तिने वरच्या फांद्या बाजूला केल्या, हातमोजा दातांनी ओढून काढला आणि हात आत, मानेपाशी घातला. बराच वेळ ती तशीच बसली. मग मान न वळवता भरभर काहीतरी बोलली. तिचा तो तिकडचा हेल, त्यात वारा. सरांना एक शब्द कळला नाही. त्यांनी शेजारच्या फांदीला धरलं आणि नुसते बघत राहिले.

बाईने अंगातलं नारिंगी जॅकेट उतरवलं. त्यांच्या मुलाच्या अंगावर ते पसरलं, पायांपासून वर वर ओढत नेलं. सरांनी श्वास रोखला. पोटावरून, छातीवरून, गळ्यापर्यंत. तिने ते हनुवटीखाली नीट खोचलं, चेहरा उघडा ठेवला, आणि स्वतःच्या दोन्ही तळव्यांनी त्याचे गाल चोळायला लागली.